शेणोलीकरच्या नावावर

“हा मनोहर शेणोलीकर,” बर्गे सर म्हणाले. “उद्यापासून आपल्याकडून खेळणार. सेंटर फॉरवर्डला.”

मी त्या मुलाकडं बघितलं. काळासावळा, आखूड बांध्याचा, पोटऱ्या दगडासारख्या. अंगात खाकी हाफपँट, पाय अनवाणी, आणि दोन्ही हातांवर कोपरापर्यंत भाजल्याचे बारीक बारीक डाग. मनोहर शेणोलीकर आदल्या वर्षी माझ्याच बाकावर बसायचा. तो उंच होता, गोरा होता, चष्मा लावायचा, आणि चेंडू अंगावर आला की दोन्ही हातांनी तोंड झाकायचा.

“सर, मनोहर पुण्याला गेला ना? रेल्वेत लागलाय.”

“वर्षाची फी भरून गेलाय. नाव पटावर आहे.” सर शिट्टीची दोरी बोटाला गुंडाळत होते. “जयकुमार, तू कप्तान आहेस. कप्तानाला आपल्या पोरांची नावं पाठ पाहिजेत. ह्याचं नाव काय?”

मी म्हणालो, “मनोहर शेणोलीकर.”

“झालं तर मग.”

सहासष्ट सालच्या दिवाळीनंतरची ही गोष्ट. कृष्णाकाठच्या एका गावातलं आमचं कॉलेज. गावाचं नाव सांगत नाही, त्यातली काही माणसं अजून हयात आहेत. कॉलेज काढून सहा वर्षं झाली होती आणि सहा वर्षांत आमचा फुटबॉलचा संघ पहिल्या फेरीच्या पुढं कधी गेला नव्हता. मी गोलकीपर होतो. आमच्या पुढं पोरं अशी, की सगळी मॅच माझ्याच अंगावर व्हायची. खेळाचे शिक्षक असलेल्या बर्गे सरांना तेवढ्या वर्षांत प्राचार्यांनी एकदाही खुर्चीवर बसा म्हटलं नव्हतं, असं ते हसत हसत सांगायचे. हसू डोळ्यांत नसायचं.

सर गेल्यावर तो मुलगा माझ्याजवळ आला.

“माझं नाव पिराजी हाय. पिराजी भोई. कोल्लापूरचा. उद्यमनगरात फौंड्रीत असतोय.” मग म्हणाला, “तुमी ग्राउंडात चुकून तसली हाक मारू नका म्हंजे झालं. मनोहर म्हना. मी वळतोय का बगा.”

मी म्हणालो, “मनोहर.”

तो लगेच वळला नाही. मग लक्षात येऊन हसला आणि वळला. “शिकतो,” म्हणाला.

तो माझ्या खोलीत राहायला आला. वसतिगृहाच्या त्या खोलीत आधी आम्ही दोघं होतो, तिसरी खाट रिकामीच होती. सामान म्हणजे एक पिशवी. फौंड्रीतलं काम सोडून आला होता. सरांनी त्याला कबूल केलं होतं की यंदा विद्यापीठाचं शिल्ड आणलं की जूनपासून जिमखान्यात शिपाई म्हणून घेऊ. “चेंडूत हवा भराची, जाळ्या बांदाच्या, आनि संध्याकाळी तुमच्यात खेळायचं,” तो मला सांगायचा. “ह्याला पगार देत्यात, कप्तान. तुमीच सांगा, ह्याला काम म्हनायचं व्हय?”

चौथ्या-पाचव्या दिवशी त्यानं विचारलं, “मी वर्गात बसलो तर चालंल का?”

“कशाला?”

“नाव हाय की माजं.”

मी त्याला माझा एक पांढरा शर्ट आणि पायजमा दिला. इतिहासाच्या तासाला तो शेवटच्या बाकावर बसला. मनोहरचा एकेचाळीस नंबर पुकारल्यावर “हजर” असा ओरडला की सगळा वर्ग मागं वळला. इतिहासाच्या सरांनीही चष्म्यावरून बघितलं, पण शंभर पोरांच्या वर्गात कोण कुणाचा मनोहर हे त्यांना कुठून ठाऊक असणार. त्या दिवसापासून तो रोज बसू लागला. सातवीनंतर त्याची शाळा सुटली होती. दुसऱ्या आठवड्यात वही आणली. तासाला सांगितलेलं सगळं उतरून घ्यायचा, न समजलेलंही, आणि रात्री जेवताना मला विचारायचा. मी त्याला उडवून लावायचो. मला स्वतःलाच त्यातलं फारसं येत नव्हतं.

आणि खेळायचा कसा, ते आता सांगून पटायचं नाही. सरांनी त्याला बूट आणून दिले होते, ते त्यानं एक दिवस घातले आणि काढून ठेवले. “जिमीन लागत न्हाई पायाला,” म्हणाला. घोट्याला पट्टी बांधून अनवाणी पळायचा. चेंडू त्याच्या पायाजवळ आला की बाकीच्यांना वाटायचं तो थांबलाय, आणि तेवढ्यात तो निघून गेलेला असायचा. पहिली मॅच आम्ही चार गोलांनी जिंकलो. दुसरी दोननं. उपांत्य सामन्याला साताऱ्याकडचं एक कॉलेज होतं, त्यांचा बॅक मॅच संपल्यावर पिराजीच्या पाया पडायचं नाटक करत आला आणि खाली वाकल्यावर खरोखरच त्याच्या पायाला हात लावून गेला. कोल्हापूरची कॉलेजं दुसऱ्या गटात होती आणि तिकडं सोलापूरवाल्यांनी त्यांना काढलं. हे कळलं तेव्हा सर हुश्श करून खुर्चीवर बसले. कोल्हापूरकर समोर आले असते तर पिराजीला पाच मिनिटांत ओळखलं असतं.

त्याच संध्याकाळी सर मला म्हणाले, “फायनल मारली तर विद्यापीठाच्या संघात गोलकीपर तू. माझं बोलणं झालंय.”

माझे तात्या प्राथमिक शाळेत मास्तर. माझ्या पाठच्या तीन बहिणी. विद्यापीठाकडून खेळलेल्या मुलाला बँकेत चटकन घेत, हे मला ठाऊक होतं, सरांना ठाऊक होतं, आणि मला ठाऊक आहे हेही सरांना ठाऊक होतं.

फायनल सांगलीला, जानेवारीच्या दुसऱ्या आठवड्यात. दुपारी तीनची मॅच. विसाव्या मिनिटाला पिराजीनं गोल केला. त्यानंतर सोलापूरवाले आमच्या अर्ध्यातून बाहेर गेलेच नाहीत. शेवटची वीस मिनिटं उरली होती तेव्हा त्यांना कॉर्नर मिळाला. पिराजी मदतीला मागं आला होता, माझ्यापासून चार हातांवर उभा होता. कॉर्नर आला, मी मुठीनं मारला, चेंडू खाली पडला आणि त्यावर तो आणि त्यांचा एक धिप्पाड बॅक एकदमच गेले. बॅकच्या पायात बूट. आवाज मला स्पष्ट ऐकू आला. शेवग्याची वाळकी फांदी मोडावी तसा.

त्या बॅकचा काही दोष नव्हता. तोच आधी खाली बसला आणि रडायला लागला.

पिराजीच्या नडगीचं हाड कातडी फोडून बाहेर आलं होतं. त्याच्यावर माती. आमच्या दोघा पोरांनी त्याला उचलून मैदानाबाहेर, कनातीच्या मागं नेलं. रेफरीनं मला दोन मिनिटं दिली. मी पोचलो तेव्हा सर पिराजीच्या अंगातली जर्सी काढत होते.

“सर, पाय बघा त्याचा.”

“बघितला.” त्यांनी स्वतःचा शर्ट काढून त्याला घातला आणि गंजीफ्रॉकवर उकिडवे बसले. “पोरा, माझ्याकडं बघ. दवाखान्यात नेलं की नाव विचारणार, घरी कळवणार. शेणोलीकर म्हणून सांगितलंस तर पुण्याहून त्याचा बाप येईल. तुझं नाव सांगून आमचा म्हणालास तर शिल्ड गेलं, नोकरी गेली, सगळ्यांचं सगळं गेलं. तू मॅच बघायला आला होतास. भिंतीवरनं पडलास. दोनच दिवस. निकाल कागदावर चढला की मी येतो, तुझ्या घरीही मीच कळवतो.”

पिराजीनं शर्टाची बाही दातांत धरली होती. ती सोडून म्हणाला, “मग नाव काय सांगू?”

“तुझं सांग. खरं.”

“आनि गाव?”

“गाव सांगू नकोस.”

त्यानं मान हलवली. सरांनी एक टांगा बोलावला आणि टांगेवाल्यालाच सांगितलं, की हा मुलगा भिंतीवरून पडलाय, दवाखान्यात सोड. त्याच्याबरोबर कुणी गेलं नाही. जाणारा कॉलेजचा म्हणून ओळखला गेला असता. तेवढ्यात रेफरीची शिट्टी वाजली आणि मी गोलात जाऊन उभा राहिलो.

आम्ही दहा जण उरलो होतो. त्या वीस मिनिटांत मी सात चेंडू अडवले. आयुष्यात इतका चांगला मी आधी कधी खेळलो नाही, नंतरही नाही. मॅच एक-शून्य झाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी सोलापूरवाल्यांनी तक्रार केली. नऊ नंबरचा मुलगा कॉलेजचा नव्हताच, असं त्यांना कुणीतरी सांगितलं होतं. स्पर्धेचे चिटणीस एक म्हातारे गृहस्थ होते, धोतर आणि वर लांब कोट. ते आम्ही उतरलो होतो त्या शाळेत आले. मला समोर बसवून त्यांनी कागद दिला. नऊ नंबरच्या खेळाडूचं नाव लिही म्हणाले. मी लिहिलं, मनोहर दिनकर शेणोलीकर. तो कुठं आहे, विचारलं. पायाला लागलं म्हणून रात्रीच मोटारीनं घरी पाठवला, म्हणालो. हे सगळं सरांनी मला आदल्या संध्याकाळी पढवलं होतं.

चिटणिसांनी कागद घडी करून खिशात ठेवला.

“इथल्या दवाखान्यात एक मुलगा काल आलाय. पाय मोडलेला. चल, आपण बघून येऊ.”

आम्ही तिघं गेलो. चिटणीस, सर आणि मी. सकाळचे साडेनऊ झाले असतील. वॉर्डात सगळ्या खाटांवर ऊन पडलं होतं. पिराजी खिडकीजवळ होता. पाय फळीला बांधलेला, ओठ सुकलेले. अंगात सरांचाच शर्ट होता. सरांनी तो बघितला आणि तोंड फिरवलं.

एक तरुण डॉक्टर आले. चिटणिसांना म्हणाले, “तुमच्या ओळखीचा आहे का? असला तर बरं होईल. हाड बाहेर आलंय, जखमेत माती गेलीय. मोठं ऑपरेशन करायला लागेल आणि त्याला घरच्या माणसाची सही पाहिजे. हा नाव सांगतो, गाव सांगत नाही.”

चिटणिसांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. त्यांचा आवाज मला अजून आठवतो. माझ्या आजोबांसारखा होता.

“बाळ, हे बघ. खरं असेल तर फार तर शिल्ड जाईल. लाकडावर पत्रा ठोकलेला असतो रे तो. ह्या मुलाला तू ओळखतोस?”

सर माझ्या मागं उभे होते. त्यांचा श्वास माझ्या मानेवर लागत होता. मला वाटतं, सर त्या वेळी तिथं नसते तरी मी तेच बोललो असतो. मी पिराजीकडं बघितलं. तो माझ्याकडंच बघत होता, पण काही मागत असल्यासारखं नाही. मी काय करतो ते नुसतं बघत होता.

“नाही,” मी म्हणालो.

“आणि तू?” चिटणिसांनी त्याला विचारलं. “तू ह्याला ओळखतोस?”

“न्हाई, सायब. ह्येंस्नी म्या कुटं बगितलं न्हाई.” त्यानं ओठ ओले केले. “सायब, मी पडलो आनि फुडली मॅच बगाया मिळाली न्हाई. जिकलं कोन?”

चिटणिसांनी माझ्या खांद्यावरचा हात काढून घेतला. मग माझ्याकडं बोट करून म्हणाले, “हे. हे जिंकले.”

“बरं झालं,” पिराजी म्हणाला आणि डोळे मिटले.

तक्रार फेटाळली गेली. आम्ही शिल्ड घेऊन परतलो तेव्हा गावात बँड लावून मिरवणूक काढली. प्राचार्यांनी बर्गे सरांना सगळ्यांसमोर हार घातला आणि खुर्चीवर बसवलं. मी दुसऱ्या दिवशी सरांना विचारलं, पिराजीच्या घरी कळवलंत का? “आज कळवतो,” म्हणाले. त्याच्या दुसऱ्या दिवशी विचारलं तर म्हणाले, “निकालावर अजून कुलगुरूंची सही व्हायचीय. घाई केलीस तर दोघंही बुडू. दवाखान्यात आहे ना तो, रस्त्यावर नाही.” मी पुन्हा विचारलं नाही. पाचव्या दिवशी खोली झाडताना त्याची वही हातात आली. वहीच्या आतल्या पानावर त्यानं स्वतःचा कोल्हापूरचा पत्ता लिहून ठेवला होता. मी पोस्टात जाऊन कार्ड घेतलं. तुमचा मुलगा सांगलीच्या दवाखान्यात आहे, पाय मोडलाय, लगेच जा. खाली नाव लिहिलं नाही.

मार्चमध्ये विद्यापीठाच्या संघाच्या सरावासाठी मला कोल्हापूरला बोलावलं. पहिल्याच रविवारी मी वही घेऊन पंचगंगेकडं निघालो. जाताना काय बोलायचं ते मनात पाठ करत होतो. त्याच्या पाया पडायचं, त्याच्या घरच्यांना सगळं सांगायचं, बर्गे सरांचं नाव सांगायचं, स्वतःचंही सांगायचं. भोई गल्लीत विचारत विचारत घर सापडलं. पिराजी उंबऱ्याला पाठ लावून जाळं विणत बसला होता. एक पाय लांब पसरलेला. दुसऱ्या बाजूला लुंगी गुडघ्याखाली दुमडून खोचलेली होती आणि दुमडीच्या पुढं काही नव्हतं.

मी रस्त्यातच उभा राहिलो. त्यानंच आधी बघितलं.

“कप्तान. या की. उनात का हुबं ऱ्हायलाय?”

मी वही पुढं केली. त्यानं ती घेतली, एक पान उलटून बघितलं आणि बाजूला ठेवली.

“घेतलं का तुमाला? युनिवर्सिटीत?”

“घेतलं.”

“मग. म्या म्हनलंच हुतं.” आणि खरंच त्याचा चेहरा फुलला.

आतून त्याची आई आली. लहानखुरी बाई, हात ओले. “कोन रं?” तिनं विचारलं.

“आये, ह्ये आमचं कप्तान. जयकुमार. म्या सांगितलं न्हवं.”

तिनं पदराला हात पुसले आणि एकदम पुढं येऊन माझ्या गालांवरून हात फिरवून कानशिलांवर बोटं मोडली.

“तुमी व्हय ते. लई वाट बगितली मी तुमची, कवा बगीन म्हनून. पाच दिस पाच राती पोराच्या उशाला बसून काडलं म्हनं. घास भरवलं. तान्या पोरागत केलं त्येचं. मला येडीला सुगावा न्हाई, कार्ड गावंस्तवर सहा दिस झालं. ह्येचा बा दोन वर्सामागं गेला, माज्यासंगं याला बी कोन न्हाई. येकलीच गेले.” ती खाली बसली. “डाक्टर म्हनला, बाई, तीन दिस आदी आली असतीस तर पाय ऱ्हायला असता. ईख वर चडलं हुतं. मग काय, अंगटा उटवला आनि पाय कापू दिला. जीव तरी ऱ्हायला. माज्या जिवाला येवडीच शांतता हाय बगा, की पोरगं येकलं न्हवतं. तुमी हुता.”

मी पिराजीकडं बघितलं. तो खाली मान घालून जाळ्याची गाठ मारत होता.

“बसा, च्या करते,” ती म्हणाली. “पिराजीनं सांगितलंय, तुमी जैनाचं. आमच्यात मासळी हुती म्हनून आमचं भांडं चालनार न्हाई तुमाला. शेजारच्या सुताराच्यातनं तांब्या नि कपबशी आनते. दूद बी त्येंच्यातलंच.” आणि मी काही म्हणायच्या आत ती पायऱ्या उतरून गेली.

“पिराजी, तू हे काय सांगितलंस तिला?”

“काय सांगनार?” तो हळू आवाजात म्हणाला. “पोरगं पाच दिस येकलं पडलं हुतं, पानी द्याला बी कोन न्हवतं, आसं सांगू? तिला झोप लागंल? तिथं आली तवा पयलं ह्येच इच्यारलं तिनं. कोन हुतं रं तुझ्याजवळ? माज्या तोंडात तुमचंच नाव आलं.”

“मी सांगतो तिला. सगळं खरं सांगतो. त्यासाठीच आलोय.”

त्यानं विणायचं थांबवलं.

“तुमचं मन मोकळं हुईल,” तो म्हणाला. “तिचं काय?”

समोर दोन पोरं लिंबाच्या सावलीत चिंध्यांचा चेंडू मारत होती. तो त्यांच्याकडं बघत राहिला. बर्गे सर त्याच्याकडं कधी आले का, हे मी विचारलं नाही, त्यानंही सांगितलं नाही.

त्याची आई तांब्या आणि कपबशी घेऊन आली. कप आमच्यासमोर राखेनं घासला, दोनदा धुतला आणि मग त्यात चहा ओतला. मी प्यालो. ती समोर बसून मी पितोय का बघत होती. गोड जास्त झालाय का, विचारत होती. मी नाही म्हणालो. अजून अर्धा कप दिला, तोही प्यालो.

निघताना ती माझ्याबरोबर पायरीपर्यंत आली.

“आईचं नाव काय तुमच्या?”

“पद्मावती.”

“पद्मावतीबाईस्नी सांगा, कोल्लापुरात येक बाई हाय म्हनावं. तुमचा ल्योक लई गुनाचा निपजला, आसं सांगत हुती म्हनावं. सांगशिला न्हवं?”

मी मागं बघितलं. पिराजी उंबऱ्यातून माझ्याकडं बघत होता.

“सांगतो,” मी म्हणालो, आणि चपला घातल्या.

त्या घरी मी परत गेलो नाही. एप्रिलमध्ये बँकेचं पत्र आलं. माझी आई त्यानंतर एकतीस वर्षं होती. तो निरोप मी तिला कधी सांगितला नाही.